कल्याणचा मायावी कंदील

कल्याण हे गाव आपल्यापैकी बहुतेकांनी फलाटावरूनच पाहिलेले असते. पुण्याकडची गाडी इथून एका बाजूला वळते, नाशिककडची दुसऱ्या बाजूला. आणि ज्याला कोठेच जायचे नसते तो डोंबिवलीकर लोकलमध्ये खिडकीशी बसून ‘कल्याण आले म्हणजे आपले स्टेशन मागे गेले’ एवढ्यापुरतेच ह्या गावाचे नाव ध्यानात ठेवतो. मीही त्यांतलाच एक. जन्म कल्याणचा, नोकरी डोंबिवलीच्या एका शाळेत, विषय इतिहास. तीस वर्षे मी मुलांना सांगत आलो की बाबांनो, कान्हेरीच्या लेण्यांतल्या शिलालेखांत कल्याणच्या दानशूरांची नावे कोरलेली आहेत, ‘पेरिप्लस’ नावाच्या ग्रीक प्रवासवर्णनात ह्या बंदराचा उल्लेख आहे, १६५७ साली शिवाजीराजांनी कल्याण-भिवंडी घेतली आणि १८५४ साली इथवर आगगाडी आली. मुले ते लिहून घेत, परीक्षेत ओतीत आणि विसरत. त्यांचा दोष नाही. पाठ्यपुस्तकातले कल्याण हे नेहमीच दुसऱ्या कोणाच्या तरी इतिहासातले एक स्टेशन असते.

पण ह्या गावाची म्हणून एक गोष्ट आहे आणि ती मी वर्गात कधी सांगितली नाही, ह्याची आज मला खंत वाटते. ती गोष्ट एका कंदिलाची आहे. ती सांगण्याची बुद्धी मला झाली तीही माझ्या पुतण्यामुळे.

पुतण्या ठाण्याला राहतो. घोडबंदर रस्त्यावर एका उंच इमारतीत त्याचा संसार आहे आणि पोटापाण्याचा उद्योग संगणकाचा. उरलेल्या वेळात तो लहान लहान चित्रपट करतो. लहान म्हणजे दहा-अकरा मिनिटांचे, आणि त्यांत पुष्कळदा काय चालले आहे ते मला कळत नाही. त्याला मी ‘प्रायोगिक’ असे म्हणतो, म्हणजे त्याचेही समाधान होते आणि माझेही. दीड-दोन वर्षांपूर्वी एका रविवारी तो डोंबिवलीला आला आणि चहाचा पहिला घोट घेण्याच्या आतच म्हणाला, “काका, जुन्या गोष्टी यंत्रात जपून ठेवता येतात का, ह्यावर फिल्म करायची आहे. कल्याणला कोणी पटवर्धन होते म्हणतात, त्यांचा काही मॅजिक लँटर्नचा खेळ होता. तुम्हाला माहीत असेलच.”

‘असेलच’ हा शब्द इतिहासाच्या मास्तराला फार जड जातो. मला नाव ठाऊक होते, साल ठाऊक होते. त्याहून अधिक काही आपण होऊन शोधलेले नव्हते. पुढचे काही महिने मी त्या शोधात घालविले. जे हाती आले आणि त्यातून जे सुचले, ते येथे मांडतो.

१८९२ साली कल्याणच्या महादेव गोपाळ पटवर्धन ह्यांनी मदनराव पितळे ह्यांच्या साहाय्याने एका नव्याच खेळाला आरंभ केला. त्याचे नाव ‘शांबरिक खरोलिका’. नाव ऐकताच आजचा माणूस दचकतो, पण ते मोठ्या विचाराने ठेवलेले आहे. शंबर हा पुराणातला मायावी असुर. कृष्णाचा मुलगा प्रद्युम्न ह्याला त्याने लहानपणीच पळवून नेले आणि शेवटी त्याच मुलाच्या हातून तो मारला गेला, ही भागवतातली कथा कीर्तनाला जाणाऱ्या प्रत्येकाला त्या काळी पाठ असे. शंबराची विद्या ती शांबरी. तेव्हा ‘शांबरिक’ म्हणजे मायावी आणि ‘खरोलिका’ म्हणजे दिवा. इंग्रजी ‘मॅजिक लँटर्न’ ह्या दोन शब्दांना इतके चपखल आणि इतके आपले वाटणारे नाव देणाऱ्या माणसाच्या मनात काय चालले असेल, हे त्या नावातच उघड होते. यंत्र परदेशी आहे खरे, पण त्यातून जे दिसणार आहे ते आमच्या ओळखीचे आहे, असे तो नावातच सांगून टाकतो.

यंत्र परदेशी होते आणि जुनेही होते. सतराव्या शतकात, १६५९ च्या सुमारास, हॉलंडमधील ख्रिस्तियान हायगेन्स ह्या शास्त्रज्ञाने असा कंदील सिद्ध केला होता. पुढची दोनशे वर्षे तो युरोपभर फिरला. कोणी त्यातून भुते दाखवून लोकांना घाबरविले, कोणी ज्योतिषशास्त्र शिकविले, कोणी बायबलातले प्रसंग दाखविले. इंग्रजांबरोबर तो हिंदुस्थानातही आला. त्याची रचना कठीण नाही. एक बंद पेटी, आत तेलाचा भक्कम दिवा, दिव्यामागे आरसा, पुढे प्रकाश एकवटणारे भिंग. मग खाचेत उलटी घातलेली, रंगविलेली काच. तिच्यापुढे नळीत बसविलेले दुसरे भिंग आणि समोर पांढरा पडदा. काच उलटी घालायची, कारण भिंग चित्र पालथे करते. एवढे ध्यानात ठेवले म्हणजे बाकी सारे दिव्याच्या उजेडावर आणि दाखविणाऱ्याच्या हातावर.

खरी करामत असे ती काचेत. तीन इंची काचेवरचे चित्र नऊ फुटी पडद्यावर गेले तर ते छत्तीसपट मोठे होते. म्हणजे काचेवर सीतेच्या भुवईची रेघ केसभर चुकली, तर पडद्यावर ती बोटभर चुकलेली दिसणार. रंग पारदर्शक हवेत, नाहीतर उजेड पलीकडे जायचाच नाही. आकृतीभोवतीची जागा काळी करून टाकली की अंधारातून एकटा राम पुढे येतो. मागे महाल नाही, वृक्ष नाही. फक्त काळोख आणि त्यात उभा राहिलेला देव. पटवर्धनांनी आणखी एक गोष्ट साधली. एकच प्रसंग थोड्याथोड्या फरकाने अनेक काचांवर रंगवायचा. धनुष्याला हात लावताना एक काच, ते उचलताना दुसरी, ओढताना तिसरी. काचा भराभर बदलल्या, एका कंदिलाचा उजेड मंद करीत दुसऱ्याचा वाढविला, की पाहणाऱ्याला वाटावे की पात्र हलले! विनायक आणि रामचंद्र हे त्यांचे मुलगे त्यांच्या जोडीला होते. रामायण, महाभारत, सीतास्वयंवर, राजा हरिश्चंद्र असे विषय त्यांनी काचेवर घेतले. विरंगुळ्याला सर्कशीचीही चित्रे केली. चित्रे पडद्यावर येत असता सोबत निवेदन चाले, संवाद म्हटले जात, गाणे-बजावणे होई. हे खेळ घेऊन ही मंडळी गावोगाव फिरली आणि विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकापर्यंत हा उद्योग चालू राहिला.

आता सालांचा हिशेब पाहा. ल्युमिएर बंधूंची हलती चित्रे मुंबईच्या वॉटसन हॉटेलात दाखविली गेली ती ७ जुलै १८९६ रोजी. दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ गिरगावातल्या कॉरोनेशन थिएटरात लोकांपुढे आला तो ३ मे १९१३ रोजी. म्हणजे मुंबईकरांनी सिनेमा पाहिला त्याच्या चार वर्षे आधी कल्याणकर पडद्यावर हलता राम पाहत होते आणि फाळक्यांच्या हरिश्चंद्रापूर्वी वीस वर्षे कल्याणातल्या माणसांनी कंदिलातून कथा दाखविण्याचे व्रत घेतले होते. ‘सिनेमाचा शोध आम्हीच लावला’ असा टिळा मला कल्याणच्या कपाळी लावायचा नाही. तसल्या अभिमानाने इतिहासाचे फार नुकसान झालेले आहे. मला एवढेच म्हणायचे आहे की यंत्र पुढे आले तेव्हा त्याच्यात काय घालायचे ह्याचा निर्णय आधीच झालेला होता. कथा तयार होती, श्रोते तयार होते, सांगण्याची रीत तयार होती.

ती रीत कोठली? पुतण्याचा पहिला समज असा होता की पटवर्धनांनी विलायती खेळ उचलला. मी त्याला पिंगुळीचे उदाहरण दिले. कुडाळजवळच्या ह्या गावात ठाकर समाजातले चित्रकथी पिढ्यान्‌पिढ्या कागदावर रंगविलेल्या चित्रांच्या पोथ्या जपत आले आहेत. एकेक चित्र समोर धरायचे आणि त्या प्रसंगाची कथा गाऊन सांगायची. रामाचा वनवास एका चित्रात, मारीच दुसऱ्यात, जटायू तिसऱ्यात. हीच परंपरा टिकविल्याबद्दल परशुराम गंगावणे ह्यांना २०२१ साली पद्मश्री मिळाली. आता चित्रकथ्याच्या कागदाच्या जागी काच घाला आणि समईच्या जागी कंदील ठेवा. शांबरिक खरोलिका तयार! चित्र दाखवीत कथा सांगणे आपल्याला नवे नव्हते. नवा होता तो उजेड.

आणि तो काळही मोठा चमत्कारिक होता. १८९२ साली कल्याणला हा कंदील पेटला. १८९३ साली ठाण्याला विनायक लक्ष्मण भावे आदी मंडळींनी मराठी ग्रंथसंग्रहालय काढले. १८९४ साली ह्याच रेल्वेमार्गावरच्या घाटकोपरास राजा रविवर्म्याचा छापखाना सुरू झाला आणि लक्ष्मी-सरस्वती शिळेवरून छापून घराघरांतल्या भिंतींवर जाऊन बसल्या. तीन वर्षे, एकच लोहमार्ग आणि तीन वेगवेगळे उद्योग. एकाने कथा काचेवर घेतली, एकाने ग्रंथ कपाटात जमविले, एकाने देव कागदावर छापले. ह्या तिघांनी एकमेकांशी मसलत केली असेल असे म्हणण्याचे कारण नाही. पण हवेतच काही तरी होते. बोरीबंदराहून ठाण्याला १८५३ साली आगगाडी आली तेव्हा जन्मलेली मुले आता चाळिशीला पोहोचली होती. त्यांनी डोळ्यांदेखत जुने जग झपाट्याने मागे पडताना पाहिले होते. आपल्या आजोबांकडे जे होते ते नातवापर्यंत पोहोचेल की नाही, ही शंका पहिल्यांदा त्याच पिढीला चाटून गेली असावी, असे मला वाटते. ज्याला तुटण्याची भीती नाही तो माणूस दोर तपासून पाहत नाही.

इथवर पुतण्या खूष होता. त्याला हवी होती तशी गोष्ट मिळाली होती. जुनी कथा, नवे यंत्र. यंत्राने कथा वाचविली, समाप्त. पण एके दिवशी त्याने सहज विचारले, “काका, काचा तर अजून आहेत, मग त्या काळचा खेळ आपण जसाच्या तसा पाहू शकतो, नाही का?” आणि मी उत्तर देता देता थबकलो.

त्याचे कारण माझ्या घरातले आहे. ते सांगितल्यावाचून पुढे जाणे अप्रामाणिकपणाचे होईल.

माझे आजोबा कीर्तन करीत. पोटासाठी नव्हे, नोकरी त्यांची रेल्वेतली. पण चातुर्मासात आणि उत्सवाच्या दिवसांत कल्याणच्या देवळांतून ते उभे राहत. नमन झाले, पूर्वरंगातले निरूपण झाले, मध्यंतरात बुक्का लावून झाला की उत्तररंगाला त्यांचे आवडते आख्यान असे ते हरिश्चंद्राचे. साकी, दिंडी, आर्या म्हणत म्हणत ते काशीच्या स्मशानापर्यंत येत आणि तारामती मेलेल्या रोहिदासाला घेऊन समोर उभी राहिली की त्यांचा आवाज इतका खाली जाई की पेटीवाला आपण होऊन हात उचलून घेई. त्या शांततेत देवळातल्या कबुतरांचे पंख ऐकू येत. ते मी दहा-पंधरा वेळा तरी ऐकले असेल.

१९७१ साली माझ्या मामाने परदेशाहून रिळांचा टेपरेकॉर्डर आणला. आमच्या वाड्यात ते एक नवलच होते. आजोबा तेव्हा सत्तरीच्या घरात होते. मामाने त्यांना बैठकीवर बसविले आणि दोन संध्याकाळी हरिश्चंद्राख्यान पुरे ध्वनिमुद्रित करून घेतले. आजोबा आधी अवघडले. समोर श्रोते नाहीत, टाळ्या नाहीत, कोणाच्या डोळ्यांत पाहावे तेही कळेना. म्हणून आजीने समोर येऊन बसावे असे त्यांनी सांगितले आणि तिच्याकडे पाहत ते म्हणाले. १९७४ साली आजोबा गेले. रीळ आमच्याकडेच राहिले.

१९७६ साली मी वीस वर्षांचा होतो. बुधवारी रात्री आठ वाजता रेडिओ सिलोनवर अमीन सयानींची बिनाका गीतमाला लागे. मला ती टेपवर हवी होती आणि कोरे रीळ घरात नव्हते. कपाटात जे होते त्यावर कागदाची एक पट्टी होती, तिच्यावरची शाई फिकी झालेली होती. मी ती वाचली नाही. वाचायची नव्हती असे म्हणणे अधिक खरे. तासाभरात आजोबांच्या आवाजावर सिनेमाची गाणी बसली. आजीने दुसऱ्या दिवशी विचारले, “तो ह्यांचा आवाज लावशील का रे?” आणि मी सांगितले की यंत्र बिघडले आहे. ती पुढे चार वर्षे होती. यंत्र दुरुस्त झाले का, असे तिने पुन्हा कधी विचारले नाही. तिला कळले होते की नव्हते, हा प्रश्न मी आजही बाजूला सारू शकलेलो नाही.

पुतण्याचा प्रश्न ऐकून मी थबकलो तो ह्यामुळे. काच आहे, पण काचेवर चित्र आहे, आवाज नाही. निवेदनाचे शब्द कागदावर उतरविता येतात. पण रोहिदासाचे प्रेत पडद्यावर आले तेव्हा निवेदक किती वेळ गप्प राहिला, हे कोठल्या कागदावर लिहायचे? खेळ म्हणजे नुसत्या काचा नव्हेत. अंधारात बसलेली माणसे, तेलाचा वास, काच बदलताना होणारा बारीक खट् असा आवाज आणि पडद्याशेजारचा एक माणूस, हे सारे मिळून तो खेळ. ह्यांतले फक्त काच हे एकच अंग टिकाऊ होते. बाकीचे त्या त्या रात्रीच संपत होते.

जपून ठेवण्याच्या साधनांचा इतिहास पाहिला म्हणजे आणखी एक विलक्षण गोष्ट ध्यानात येते. साधन जसजसे हुशार होत गेले तसतसे ते नाजूकही होत गेले. पटवर्धनांच्या रंगीत काचा शतकाहून अधिक काळ टिकल्या. त्यांच्यानंतरच्या फाळक्यांचे नशीब तेवढे नव्हते. ‘राजा हरिश्चंद्रा’च्या चार रिळांपैकी पहिले आणि अखेरचे तेवढे आपल्याला दिसते आणि तेही १९१७ साली त्यांनी पुन्हा घेतलेल्या चित्रपटाचे असावे असे काही अभ्यासकांचे मत आहे. त्या काळची फिल्म सेल्युलोज नायट्रेटची असे. ती वाळल्या गवतासारखी पेट घेते, जळताना आपला प्राणवायू आपणच पुरविते, त्यामुळे पाण्यानेही विझत नाही. आणि जळली नाही तरी वर्षानुवर्षे डब्यात राहून चिकट होत, भुगा होत संपते. तिच्यातली चांदी काढून घेण्यासाठी कितीतरी चित्रपट जाणूनबुजून वितळविले गेले. १९३१ साली आलेला पहिला हिंदी बोलपट ‘आलम आरा’, त्याची आज एकही प्रत नाही. आपल्याकडे चित्रपट जपण्याची राष्ट्रीय संस्था पुण्यात उभी राहिली ती १९६४ साली. तोवर मूकपटांच्या काळातला बहुतेक ठेवा हातचा गेला होता. आणि जे वाचले होते त्यांतलीही पुष्कळ नायट्रेट रिळे २००३ च्या जानेवारीत पुण्यात लागलेल्या आगीत गेली. चुंबकीय फीत तर माझ्यासारखा एक उतावळा तरुण तासाभरात पुसून टाकू शकतो. पुतण्याच्या खिशातल्या फोनमध्ये हजारो चित्रे आहेत. तो फोन एकदा पाण्यात पडला तेव्हा त्याच्या मुलीच्या बारशाची चित्रे गेली, हे त्यानेच मला सांगितले.

मग कथा टिकते ती कशावर? ठाण्याच्या भाव्यांचेच उदाहरण घ्या. ‘महाराष्ट्र सारस्वत’ लिहिणाऱ्या ह्या गृहस्थांनी जुन्या पोथ्यांसाठी सारा जन्म खर्ची घातला. महानुभावांच्या पोथ्यांची कथा त्यांना ठाऊक होती. पंथातील मंडळींनी आपले ग्रंथ सांकेतिक लिपीत लिहून ठेवले आणि शतकानुशतके निष्ठेने सांभाळले. पण लिपीची किल्ली पंथाबाहेर कोणाकडे नसल्यामुळे मराठी भाषेचे आद्य गद्य उरलेल्या महाराष्ट्राला असून नसल्यासारखे होते. राजवाडे, भावे ह्यांच्यासारख्या संशोधकांनी त्या लिपीचा उलगडा केला, तेव्हा कोठे विसाव्या शतकात चक्रधरांच्या लीळा आपल्या कानी आल्या. उलट हरिश्चंद्राची कथा पाहा. ती कोणी कुलुपात ठेवली नाही. पुराणात होती, आख्यानात आली, कीर्तनकारांच्या तोंडी गेली, काचेवर चढली, फाळक्यांच्या हाती लागली आणि १९३२ साली प्रभात कंपनीने ‘अयोध्येचा राजा’ काढला, तेव्हा पहिल्या मराठी बोलपटातही हाच राजा बोलू लागला! तिला सांभाळणारे जितके, तितके तिला बदलणारेही. पटवर्धनांना ‘आपण परंपरा जतन करतो आहोत’ असे वाटत असेल, असे मला वाटत नाही. ते कथा वापरीत होते. आणि वापरात असलेले भांडे गंजत नाही, हे आपल्या घरातली कोणतीही बाई सांगेल.

हे सारे मी पुतण्याला सांगितले. रिळाची गोष्टही सांगितली. ती घरात कोणाला मी प्रथमच सांगत होतो. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, “काका, फिल्मला आवाज ठेवत नाही.”

त्याचा तो अकरा मिनिटांचा चित्रपट ह्या वर्षी तयार झाला. त्यात एक दिवा आहे, काच रंगविणारे हात आहेत, कल्याणच्या एका जुन्या वाड्याचा ओसाड जिना आहे, फलाटावर फोनमध्ये डोके घालून उभी असलेली माणसे आहेत आणि मधूनमधून हरिश्चंद्राचे प्रसंग. ती चित्रे त्याने आणि त्याच्या एका मैत्रिणीने स्वतः काचेवर रंगविली. पटवर्धनांची नक्कल करायची नाही असे त्यांनी ठरविले होते आणि ते बरे केले. त्यांची तारामती ठाण्याच्या लोकलमध्ये भेटेल अशी दिसते. शेवटपर्यंत एक शब्द नाही.

पहिला खेळ डोंबिवलीला आमच्या इमारतीच्या गच्चीवर झाला. चाळीसेक माणसे होती. पडदा म्हणून दोन पांढऱ्या चादरी शिवून बांधल्या होत्या आणि वारा आला की काशीनगरी पोटातून हलत असे. सुरू होण्याच्या पाच मिनिटे आधी पुतण्या माझ्याजवळ येऊन म्हणाला, “काका, पडद्याशेजारी उभे राहा आणि सांगा.” मी म्हणालो की मी कीर्तनकार नव्हे, मला ते येत नाही, पन्नास वर्षे झाली. त्यावर तो म्हणाला, “येईल तेवढे सांगा.”

मी उभा राहिलो. पहिले चित्र आले आणि मी सुरुवात केली की अयोध्येत हरिश्चंद्र नावाचा सत्यवचनी राजा होता, त्याने विश्वामित्राला राज्य दिले आणि तो बायको-मुलाला घेऊन काशीला निघाला. तोच पहिल्या रांगेतल्या खुर्चीवरून तिसऱ्या मजल्यावरच्या आजी मोठ्याने म्हणाल्या, “अहो मास्तर, स्वप्न राहिलं! राज्य त्यानं स्वप्नात दिलं होतं. जागेपणी दिलं तर त्यात काय मोठं?”

लोक हसले. मीही हसलो. पण आजींचे म्हणणे अगदी बरोबर होते. साऱ्या कथेचा खिळा तोच आहे. स्वप्नात दिलेला शब्दही ज्याने जागेपणी पाळला तो हरिश्चंद्र. आजोबा तिथे नेहमी क्षणभर थांबत आणि श्रोत्यांनाच विचारीत की बोला, स्वप्नातले देणे द्यावे लागते का? मला ते थांबणे आठवले आणि त्याच्यामागोमाग पुढचे पुष्कळ आठवत गेले. साऱ्या आर्या आठवल्या नाहीत. साक्यांच्या चाली तर गेल्याच होत्या. जे गळले तिथे मी साध्या बोलीत सांगितले. दोन ठिकाणी आजींनी सांधून दिले. त्यांनी ही कथा सातारकडच्या त्यांच्या गावी ऐकलेली. तिच्यात डोंबाचे बोलणे आमच्या आजोबांच्या आख्यानाहून निराळे होते. मी तेही घेतले.

स्मशानातला प्रसंग आला तेव्हा मी गप्प राहिलो. ते मी ठरवून केले नाही. मला पुढचे शब्दच सुचेनात. चादर वाऱ्याने हलत होती. खाली रेल्वेमार्गावरून एक जलद लोकल कल्याणकडे गेली आणि तिचा आवाज संपेपर्यंत गच्चीवर कोणी हालले नाही.

खेळ संपल्यावर पुतण्याने फोन पुढे करून दाखविला. त्याने सारे ध्वनिमुद्रित केले होते. आजींचे टोकणेही त्यात आले आहे. “तुमच्याकडे पाठवून ठेवतो,” तो म्हणाला. मी हो म्हटले. ते तीन ठिकाणी साठविलेले आहे असे तो सांगतो आणि माझा त्याच्यावर विश्वास आहे. पण दुसऱ्याच दिवशी मी एक वही घेतली आणि आजोबांचे आख्यान जेवढे आठवले तेवढे लिहून काढले. वही घेऊन तिसऱ्या मजल्यावर गेलो. आजी चष्मा लावून बसल्या होत्या. त्यांनी पहिले पान वाचून घेतले, पेन्सिल मागितली आणि म्हणाल्या, “हे असं नव्हतं.”

आम्ही आता आठवड्यातून दोनदा बसतो. रोहिदास अजून फुले आणायला गेलेला नाही.